पुस्तकाला कान लावणारा मुलगा

आसपास कुणी नाही असे पाहून एक काळा पोरगा मालकाचे पुस्तक हळूच उचलतो. त्याच्याशी दबक्या आवाजात काहीतरी बोलतो आणि मग ते कानाला लावून उत्तराची वाट पाहतो. मालक आणि जहाजावरचा गोरा सोबती डिक पुस्तकात डोके घालून बसलेले त्याने अनेकदा पाहिले आहे. ज्या अर्थी ते एवढा वेळ पुस्तकासमोर रमतात, त्या अर्थी पुस्तक त्यांच्याशी बोलत असणार, असा त्याचा सरळ हिशेब. त्याच्या कानाशी मात्र पुस्तक गप्पच राहते. पोरगा हिरमुसतो.

ही अठराव्या शतकाच्या मध्यावरची गोष्ट. मुलाचे नाव ओलौदाह इक्विआनो. इंग्रज नौदलातल्या मायकेल पास्कल नावाच्या अधिकाऱ्याने त्याला विकत घेतले होते आणि गुस्ताव्हस वासा हे स्वीडनच्या एका राजाचे नाव त्याला चिकटवले होते. या नव्या नावाला तो ओ देत नसे, तेव्हा मार बसायचा. अखेर त्याने नाव स्वीकारले. तीसेक वर्षांनी याच मुलाने लिहिलेले पुस्तक लंडनमध्ये छापून आले. आधी पैसे भरून प्रत राखून ठेवणाऱ्यांच्या यादीत इंग्लंडच्या युवराजाचे नाव होते.

गुलामगिरीवरच्या पुस्तकांविषयी लिहायचे तर मला या मुलापासूनच सुरुवात करावीशी वाटते. गुलामगिरी म्हटले की साखळदंड, चाबूक आणि लिलावाचा ओटा डोळ्यांसमोर येतो. ते सारे होतेच. पण माणसाला पिढ्यान्‌पिढ्या राबवायचे तर नुसते लोखंड पुरत नाही. त्याच्या हाती अक्षर पडणार नाही, याचाही बंदोबस्त करावा लागतो. हा बंदोबस्त मोडून ज्यांनी लेखणी धरली, त्यांच्या पुस्तकांची ही हकिकत आहे. ती लंडन आणि बोस्टनमधून निघते आणि नगरमार्गे आपल्या पुण्यात येऊन पोहोचते.

अटलांटिक महासागरावरच्या गुलामांच्या व्यापारात सुमारे साडेतीनशे वर्षांत जवळपास सव्वा कोटी आफ्रिकी माणसे जहाजांत कोंबली गेली. पलीकडच्या किनाऱ्यावर जिवंत उतरली ती एक कोटी सात लाखांच्या आसपास. बाकीच्यांना समुद्राने गिळले. यात लहान मुले थोडीथोडकी नव्हती.

त्यांतलीच एक मुलगी १७६१ मध्ये बोस्टनच्या धक्क्यावर उतरली. तिचे पुढचे दुधाचे दात पडले होते, त्यावरून खरेदीदारांनी ती सात-आठ वर्षांची असावी असे ठरवले. ज्या जहाजातून ती आली त्याचे नाव 'फिलिस'. तेच नाव तिला दिले, आणि आडनाव मालकाचे: फिलिस व्हीटली. या घराने तिला वाचायला शिकवले हे त्या काळात नवलच होते. थोड्याच वर्षांत ती कविता लिहू लागली. तेव्हा प्रश्न उभा राहिला की, काळ्या गुलाम मुलीने हे स्वतः लिहिले असेल यावर विश्वास कोण ठेवणार? शेवटी बोस्टनच्या १८ प्रतिष्ठित पुरुषांनी सही करून दाखला दिला की होय, या कविता हिच्याच आहेत. सही करणाऱ्यांत वसाहतीचे गव्हर्नरही होते. एवढे होऊनही बोस्टनमध्ये पुस्तक निघाले नाही. १७७३ मध्ये ते लंडनमध्ये छापले गेले, आत तो दाखला घेऊन.

हा दाखला ध्यानात ठेवायला हवा, कारण पुढच्या शंभर वर्षांत ज्या ज्या गुलामाने लेखणी उचलली त्याला हेच विचारले गेले: हे तूच लिहिलेस कशावरून?

*

इक्विआनो वाचायला शिकला तो जहाजावरच्या सोबत्यांकडून आणि लंडनमध्ये काही भल्या घरांतून. पास्कलने त्याला पुन्हा विकले आणि तो वेस्ट इंडीजमध्ये माँटसेराट बेटावर रॉबर्ट किंग नावाच्या, क्वेकर पंथाच्या व्यापाऱ्याच्या ताब्यात गेला. तिथे त्याच्या आयुष्यातला सर्वांत चिकाटीचा अध्याय सुरू झाला. खिशात तीन पेन्स होते. शेजारच्या सेंट युस्टेशस बेटावर त्याने त्या पैशात काचेचा एक पेला घेतला आणि माँटसेराटला आणून सहा पेन्सला विकला. पुढच्या फेरीत दोन पेले. असे पै पै करत, मध्येच गोऱ्या गिऱ्हाइकांनी माल लुबाडला तरी पुन्हा उभे राहत, त्याने चाळीस पौंड जमवले आणि १७६६ च्या जुलैमध्ये स्वतःला विकत घेतले. माणसाने स्वतःची किंमत मोजून स्वतःची पावती घ्यायची, ही कल्पनाच अंगावर काटा आणते. तो मुक्तिपत्राचा कागद इक्विआनोंनी पुढे आपल्या पुस्तकात जसाच्या तसा छापला, म्हणजे एका माणसाची दुसऱ्यावर केवढी सत्ता होती हे वाचकाला त्या कागदाच्याच भाषेतून कळावे.

लंडनला स्थायिक झाल्यावर त्यांनी ऐकून घेणारी माणसे गाठली. १७८१ च्या अखेरीस 'झाँग' नावाच्या जहाजावर पाणी कमी पडत असल्याचे कारण सांगून खलाशांनी सव्वाशेहून अधिक जिवंत आफ्रिकी माणसांना समुद्रात लोटले होते. मालकांनी नंतर डोईमागे ३० पौंडांप्रमाणे विम्याचा दावा लावला. विमा कंपनीने पैसे नाकारले म्हणून प्रकरण कोर्टात गेले. खटला खुनाचा नव्हता. माल बुडाल्याची भरपाई कुणी द्यायची एवढाच वाद होता. १७८३ च्या मार्चमध्ये ही बातमी घेऊन इक्विआनो गुलामगिरीविरुद्ध झगडणाऱ्या ग्रॅनव्हिल शार्प यांच्या दारात उभे राहिले. शार्प यांनी पुढे कितीही खटपट केली तरी खुनाचा आरोप कुणावरच ठेवला गेला नाही. पण इंग्लंडमधल्या अनेकांना या व्यापाराचे खरे रूप त्या प्रकरणातून दिसले.

१७८९ च्या वसंतात इक्विआनोंचे आत्मचरित्र आले. त्याच सुमारास, १२ मे रोजी, खासदार विल्यम विल्बरफोर्स यांनी गुलामांच्या व्यापाराविरुद्ध पार्लमेंटमध्ये पहिले मोठे भाषण केले. पुस्तकाच्या मुखपृष्ठावर लेखकाच्या नावाखाली मुद्दाम छापले होते की हे त्यांनी स्वतः लिहिले आहे. पुस्तकाचे हक्क त्यांनी कुणाला विकले नाहीत. एकदा स्वतः विकले गेलेल्या माणसाने आपली कथा मात्र आपल्याच मालकीची ठेवली. इंग्लंड, स्कॉटलंड, आयर्लंड असे फिरत, सभांत बोलत त्यांनी प्रती विकल्या. त्यांच्या हयातीत नऊ आवृत्त्या निघाल्या.

आणि लगेच तोच जुना प्रश्न आला. १७९२ मध्ये लंडनच्या वृत्तपत्रांनी छापले की हा माणूस आफ्रिकेत जन्मलाच नाही, सगळी कहाणी रचलेली आहे. इक्विआनोंनी पुढच्या आवृत्तीत त्याला उत्तर दिले आणि आपल्याला लहानपणी ओळखणाऱ्यांची नावे पुढे केली. आजही त्यांच्या बाप्तिस्म्याच्या नोंदीत जन्मस्थळ म्हणून अमेरिकेतले कॅरोलिना लिहिलेले दाखवून संशोधक वाद घालतात. गुलामांच्या जहाजाच्या पोटातल्या दुर्गंधीचे, घुसमटीचे, समुद्रात उड्या टाकणाऱ्या माणसांचे त्यांनी केलेले वर्णन मात्र इतर साक्षींशी पुन्हा पुन्हा जुळत आले आहे.

या पुस्तकांनी इंग्रजांच्या स्वयंपाकघरापर्यंत मजल मारली. वेस्ट इंडीजमधल्या गुलामांकडून सर्वाधिक मेहनत काढली जाई ती ऊस आणि साखरेसाठी. १७९१ मध्ये विल्यम फॉक्स यांनी एक छोटी पुस्तिका काढून विचारले की चहात विरघळलेल्या या साखरेत कुणाचे रक्त आहे ते तुम्ही जाणता का? ती हातोहात खपली. गुलामगिरीविरोधी चळवळीतल्या थॉमस क्लार्कसन यांच्या अंदाजाप्रमाणे तीन लाख लोकांनी साखर सोडली. यात बायकांचा पुढाकार होता. मताचा हक्क नसलेल्या बायकांनी घरातल्या साखरेच्या डब्यावरून राजकारण केले.

१८०७ मध्ये ब्रिटिश पार्लमेंटने गुलामांचा व्यापार बंद केला. खुद्द गुलामगिरी रद्द व्हायला १८३३ साल उजाडावे लागले. तेव्हा दोन कोटी पौंडांची भरपाई मंजूर झाली. ती गुलामांना मिळाली नाही, त्यांच्या मालकांना मिळाली. त्या भरपाईसाठी काढलेले कर्ज ब्रिटिश सरकारने २०१५ मध्ये फेडून संपवले. ज्यांनी चाबूक खाल्ला त्यांच्या वंशजांनीही, ब्रिटनचे करदाते म्हणून, त्या कर्जाचा हप्ता भरला.

आपल्यासाठी महत्त्वाची गोष्ट अशी की १८३३ च्या त्या कायद्यातून ईस्ट इंडिया कंपनीचा मुलूख वगळला होता. हिंदुस्थानात गुलामावरचा मालकी हक्क कोर्टाने मानू नये, असा कायदा १८४३ मध्ये झाला. गुलामी आपल्याला परकी नव्हती. पेशवाईच्या दप्तरांत कुणबिणींच्या खरेदी-विक्रीच्या नोंदी आहेत. बटीक हा शब्द आपल्या जिभेवर होता, आणि वेठ तर इतकी अंगवळणी पडली होती की तिचा वाक्प्रचार झाला. तिकडे मॉरिशसच्या उसाच्या मळ्यांत मुक्त झालेल्या गुलामांच्या जागी १८३४ पासून हिंदी मजूर करारावर नेले जाऊ लागले. मुंबई बंदरातून गेलेल्या मराठी माणसांचे वंशज आजही तिथे आहेत.

*

अमेरिकेत गोष्ट आणखी कडवट होती, कारण तिथे अक्षराची भीती कायद्याच्या पुस्तकातच लिहिली गेली. साउथ कॅरोलिनाने १७४० मध्येच गुलामाला लिहायला शिकवणाऱ्यास शंभर पौंड दंड ठरवला होता. १८२९ मध्ये बोस्टनमधले डेव्हिड वॉकर यांनी गुलामगिरीविरुद्ध एक जळजळीत पुस्तिका लिहिली. वॉकर जुन्या कपड्यांचे दुकान चालवत. दक्षिणेकडे जाणाऱ्या खलाशांच्या कोटांच्या अस्तरात पुस्तिका शिवून पाठवल्या जात, असे सांगितले जाते. दक्षिणेची राज्ये हादरली. जॉर्जियाने आणि नॉर्थ कॅरोलिनाने घाईघाईने कायदे केले. नॉर्थ कॅरोलिनाच्या कायद्यात वाचन आणि लेखन शिकवण्यावर बंदी होती, आकडे शिकवायला मात्र मुभा होती. पोती मोजायला, माल तोलायला गुलामाला आकडे यायला हवेत; स्वतःविषयी एक वाक्य मात्र लिहिता येता कामा नये. गुलामगिरीचे सारे अर्थशास्त्र त्या एका सवलतीत आहे.

फ्रेडरिक डग्लसचा जन्म १८१८ च्या सुमाराचा, मेरीलंडमधला. जन्मतारीख त्याला कधीच कळली नाही. गुलामांच्या मुलांची तारीख कोण लिहून ठेवणार? लहानपणी थंडीवाऱ्यात अंगावर जाडाभरडा एकच सदरा. रात्री तो मक्याच्या रिकाम्या पोत्यात डोके खुपसून झोपायचा आणि पाय बाहेर राहायचे. थंडीने टाचा इतक्या फुटत की त्या भेगांत आता हातातली लेखणी सहज मावेल, असे त्यांनी मोठेपणी लिहिले आहे. लेखणी आणि भेग एकाच वाक्यात आणणाऱ्या त्या माणसाला काय सोसावे लागले असेल, आणि त्याने ते कसे शब्दांत आणले असेल!

आठेक वर्षांचा असताना त्याला बाल्टिमोरला ह्यू ऑल्ड यांच्या घरी पाठवले. घरधनीण सोफिया मनाने चांगली होती. तिने त्याला मुळाक्षरे शिकवायला घेतली. नवऱ्याला कळताच त्याने बजावले की याला वाचता आले तर हा गुलाम म्हणून कामाचा राहणार नाही. हे वाक्य मुलाने ऐकले. त्याला वाटले, मालक ज्याला एवढे घाबरतो, तीच आपल्या सुटकेची वाट. सोफियाने शिकवणे थांबवले, पण आता मुलगा थांबणार नव्हता. खिशात भाकरीचे तुकडे घेऊन तो गल्लीतल्या गरीब गोऱ्या पोरांना गाठायचा. त्यांना भूक लागलेली असे, याला अक्षराची. एक तुकडा दिला की एक धडा पदरात पडे. जहाजे बांधायच्या गोदीत सुतार लाकडांवर खुणेची अक्षरे लिहीत, ती पाहून तो लिहायला शिकला. कुंपण, भिंत, फरशी या त्याच्या पाट्या आणि खडूचा तुकडा ही त्याची लेखणी. बाराव्या वर्षी ५० सेंट देऊन त्याने 'कोलंबियन ऑरेटर' हे भाषणांचे जुने पुस्तक विकत घेतले आणि त्यातून माणसाच्या हक्काचे शब्द गोळा केले.

३ सप्टेंबर १८३८ रोजी खलाशाचा वेश करून, उसनी कागदपत्रे खिशात घालून डग्लस आगगाडीत बसले आणि उत्तरेला निसटले. १८४१ पासून ते सभांतून बोलू लागले. त्यांचे भाषण इतके सुसंस्कृत, इतके धारदार होते की लोक म्हणू लागले, हा माणूस कधी गुलाम नव्हताच. पुन्हा तोच प्रश्न. त्याचे उत्तर त्यांनी १८४५ मध्ये बोस्टनमधून दिले. आत्मचरित्रात मालकांची नावे, गावे, मळे सगळे उघड लिहिले. हे धाडस जिवावरचे होते, कारण कायद्याने ते अजूनही पळून आलेली मालमत्ता होते आणि आता मालकाला पत्ता मिळाला होता. त्यांना इंग्लंड-आयर्लंडला जावे लागले. तिथल्या मित्रांनी दीडशे पौंड जमवून १८४६ मध्ये त्यांची सुटका विकत घेतली. परत येऊन त्यांनी स्वतःचे वृत्तपत्र काढले.

बायकांची कहाणी लिहिणे आणखी अवघड होते. नॉर्थ कॅरोलिनातल्या ईडंटन गावच्या हॅरिएट जेकब्ज यांना लहानपणी एका मालकिणीने वाचायला शिकवले होते. पुढे ज्या डॉक्टरच्या घरी त्या गेल्या, त्याने वर्षानुवर्षे त्यांचा पिच्छा पुरवला. शेवटी १८३५ मध्ये त्या आजीच्या घराच्या माळ्यावर लपल्या. माळा नऊ फूट लांब, सात फूट रुंद, आणि उंची जास्तीत जास्त तीन फूट. उभे राहता येत नव्हते, कूस बदलताना छताला खांदा घासायचा. वर उंदीर, उन्हाळ्यात तापलेले छप्पर, हिवाळ्यात बधिर पडणारे पाय. जवळजवळ सात वर्षे त्या तिथे राहिल्या. एकदा तिथेच हाताला एक गिरमिट लागले. त्याने त्यांनी भिंतीला बारीक भोके पाडली आणि त्यांतून खाली खेळणारी आपली दोन मुले पाहिली. मुलांना ठाऊक नव्हते की आई डोक्यावरच आहे. त्याच अंधारात बसून त्या मालकाला पत्रे लिहीत आणि ती न्यूयॉर्कहून टपालात पडतील अशी व्यवस्था करीत. मालक न्यूयॉर्कमध्ये त्यांचा शोध घेत राहिला. ज्या लिहिण्याची गुलाम-मालकांना भीती वाटे, ते असे उपयोगी पडले.

१८४२ मध्ये त्या निसटल्या. एका घरी मुले सांभाळण्याची नोकरी करताना, दिवसभराचे काम आटोपल्यावर रात्री चोरून त्यांनी आपली हकिकत लिहिली. प्रकाशकाचे दिवाळे निघाले, तेव्हा छपाईचे साचे स्वतः विकत घेऊन १८६१ मध्ये त्यांनी बोस्टनमधून पुस्तक काढले. नाव टोपण घेतले होते, पण मुखपृष्ठावर छापले की हे तिने स्वतः लिहिले आहे. तरी पुढे शंभरेक वर्षे अनेक विद्वान समजत राहिले की ही कुणा गोऱ्या लेखिकेची कादंबरी आहे. अभ्यासक जीन फेगन येलिन यांनी जुनी पत्रे शोधून, नाव-गाव-तारखा जुळवून १९८७ च्या आवृत्तीत सिद्ध केले की ही हकिकत हॅरिएट जेकब्ज यांनीच लिहिली आहे.

'अंकल टॉम्स केबिन' ही हॅरिएट बीचर स्टो या गोऱ्या लेखिकेची गुलामगिरीविरुद्धची कादंबरी १८५२ मध्ये आली. पहिल्या वर्षात एकट्या अमेरिकेत तिच्या तीन लाख प्रती खपल्या. तिचे ऋण मोठे आहे. पण सोसलेल्यांनी स्वतः लिहिलेल्या पानांची सर तिला नाही, असे माझे मत आहे. दया उत्पन्न करणे वेगळे आणि माणूस म्हणून समोर उभे ठाकणे वेगळे.

*

आता बोस्टनहून नगरला यायचे. अमेरिकन मिशनच्या मंडळाचे मुख्य ठिकाण बोस्टन. गुलाम-मालकांच्या देणग्या घ्याव्यात की नाही यावरून या मंडळावर अमेरिकेतच कडाडून टीका होत होती, हेही सांगायला हवे. त्याच मंडळाच्या सिंथिया फॅरार १८२७ मध्ये हिंदुस्थानात आल्या आणि पुढे अहमदनगरला त्यांनी मुलींच्या शाळा चालवल्या. जोतीराव फुले यांनी त्यांतली एक शाळा पाहिली आणि मुलींच्या शिक्षणाचा निश्चय करून ते पुण्याला परतले. सावित्रीबाईंनी अध्यापनाचे शिक्षण घेतले ते फॅरारबाईंकडेही. १८४८ मध्ये पुण्यात भिड्यांच्या वाड्यात शाळा सुरू झाली.

अमेरिकेतल्या कायदेमंडळांनी ज्या बंदीसाठी कलमे लिहिली, त्या बंदीसाठी आपल्याकडे कायदेमंडळाची गरज नव्हती. धर्माने आणि चालीरीतीने ती आधीच घातली होती. अंगणात पेरलेल्या काट्याप्रमाणे ती दिसत नसे, पाऊल टाकले की रुतत असे.

याची साक्ष फुल्यांच्या शाळेतल्या एका मुलीने दिली. मुक्ता साळवे ही मांग समाजातली चौदा वर्षांची मुलगी. १८५५ मध्ये 'ज्ञानोदय' या अमेरिकन मिशनच्या पत्रात मांग-महारांच्या दुःखाविषयी तिचा निबंध दोन भागांत छापून आला. तिने लिहिले की मोठमोठ्या वाड्यांच्या पायांत तिच्या लोकांना तेल-शेंदूर पाजून पुरले गेले. तिच्या लोकांतल्या बायका बाळंत होतात तेव्हा त्यांच्या डोक्यावर छप्परसुद्धा नसते. आणि तिने हेही लिहिले की महार-मांगांपैकी कुणी वाचायला शिकल्याचे बाजीरावाला कळले, तर वाचणाऱ्याला शिक्षा होई. बाल्टिमोरच्या ह्यू ऑल्डला जे भय वाटले, तेच पुण्याच्या पेशव्याला. सातासमुद्रांपलीकडच्या त्या दोघांनी एकमेकांचे नावही ऐकले नव्हते. माणसाला खाली दाबून ठेवणाऱ्या सत्तेला कुठे भ्यायचे ते कुणी शिकवावे लागत नाही. शेवटी मुक्ताने आपल्या लोकांना सांगितले की तुमच्या दुखण्यावर ज्ञान हेच औषध आहे, ते घ्या. शाळेत जाऊन तिला जेमतेम तीन वर्षे झाली होती.

मग अमेरिकेत यादवी युद्ध पेटले. गुलामांनी पिकवलेला कापूस इंग्लंडला मिळेना, तेव्हा गिरण्यांची नजर वऱ्हाड-खानदेशच्या कापसाकडे वळली. मुंबईत पैशाचा पूर आला आणि १८६५ मध्ये युद्ध संपताच तितक्याच वेगाने ओसरलाही. त्याच वर्षाच्या डिसेंबरमध्ये राज्यघटनेत दुरुस्ती होऊन अमेरिकेतली गुलामगिरी कायद्याने संपली. मुंबईतल्या शेटियांना त्या युद्धात कापसाचा भाव दिसला. जोतीरावांना त्यात माणसांची सुटका दिसली.

१८७३ मध्ये त्यांचे 'गुलामगिरी' हे पुस्तक पुण्यात प्रसिद्ध झाले. धोंडीबा आणि जोतीराव यांच्या संवादातून हे पुस्तक उलगडते. अर्पणपत्रिका युनायटेड स्टेट्सच्या सदाचारी लोकांना आहे. त्यांनी काळ्या गुलामांना मुक्त करण्यासाठी केलेल्या त्यागाबद्दल आदर व्यक्त करून आपल्या देशबांधवांनीही शूद्र बांधवांना मुक्त करताना तो कित्ता गिरवावा, अशी आशा त्यांनी तिथे लिहिली. पुण्याच्या फुले वाड्यात बसलेल्या एका माळ्याच्या मुलाने अटलांटिकपलीकडच्या दुःखाशी आपले नाते जोडले, आणि त्यासाठी 'गुलामगिरी' हा नेमका शब्द निवडला. मराठीत या शब्दाचा खरा अर्थ तेव्हापासून वाचला जाऊ लागला, असे मला वाटते. त्याच वर्षी २४ सप्टेंबरला सत्यशोधक समाज स्थापन झाला.

*

या इतिहासातली दोन वर्षे मला एकमेकांशेजारी ठेवून पाहावीशी वाटतात. १८८१ मध्ये हिंदुस्थानातला पहिला फॅक्टरी कायदा झाला. सात वर्षांखालच्या मुलांना गिरणीत घेऊ नये, असे त्याने ठरवले. म्हणजे तोवर घेत असत. सात ते बारा वर्षांच्या मुलांना दिवसाला नऊ तास राबवायला कायद्याची परवानगी होती. जिथे शंभराहून कमी माणसे काम करीत, त्या कारखान्यांना तर हा कायदाही लागू नव्हता.

दुसऱ्याच वर्षी, १८८२ मध्ये, जोतीरावांनी हंटर शिक्षण आयोगाला निवेदन दिले. रयतेच्या घामाच्या पैशातून सरकार वरच्या वर्गांचे शिक्षण करते, ही तक्रार त्यांनी केली. आणि मागणी केली की निदान बाराव्या वर्षापर्यंत प्राथमिक शिक्षण सक्तीचे करावे.

सरकार म्हणत होते, बारा वर्षांचे होईपर्यंत मूल नऊ तास गिरणीत चालेल. जोतीराव म्हणत होते, बारा वर्षांचे होईपर्यंत ते शाळेतच हवे. बालमजुरीचा प्रश्न शाळेपासून वेगळा काढता येत नाही, हे त्यांच्या या मागणीतून दिसते. त्यांचे सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांनी 'दीनबंधू' पत्रातून गिरणीकामगारांची बाजू लढवली, १८८४ मध्ये साडेपाच हजार सह्यांचा अर्ज सादर केला आणि १८९० मध्ये रविवारची सुट्टी मिळवून दिली. १८९१ च्या कायद्याने मुलांच्या कामाचे किमान वय नऊ झाले. शिक्षणाचा हक्क देणारा कायदा मात्र देशात १ एप्रिल २०१० रोजी लागू झाला, जोतीरावांच्या मागणीनंतर १२८ वर्षांनी.

वेठबिगारी कायद्याने १९७६ मध्ये संपली. तरीही दरवर्षी दिवाळीच्या सुमारास बीडकडून, नगरच्या दुष्काळी पट्ट्यातून बैलगाड्या आणि ट्रॅक्टर ऊसतोडीसाठी पश्चिमेकडच्या साखर कारखान्यांकडे निघतात. मुकादमाने आगाऊ दिलेली उचल फेडायची असते. नवरा-बायको मिळून एक कोयता. उचल फिटली नाही तर ती पुढच्या हंगामावर चढते. शाळेत ठेवायला घरी कुणी नसते म्हणून मुले बरोबर येतात. फडाच्या कडेला ती धाकट्या भावंडांना सांभाळतात, वाढे गोळा करतात, मोळ्यांना हात लावतात. इंग्लंडमधल्या बायकांनी ज्या साखरेसाठी आपला डबा रिकामा केला होता, ती साखर आजही कुणाच्या तरी लहान हातांना स्पर्शून आपल्या चहात येते.

या मुलांसाठी साखरशाळा निघाल्या, हंगामी वसतिगृहे निघाली. काही चालतात, काही नुसत्या कागदावर असतात. पण जिथे एखादी खरोखर चालते, तिथे कोप्यांच्या शेजारी पत्र्याच्या शेडमध्ये, थंडीने टाचा भेगाळलेले एखादे पोर पाटीवर आपले नाव काढत बसलेले असते. दोन अक्षरे वर गेलेली, एक काना हरवलेला. बाई ते पुसत नाहीत. ते त्याने स्वतः लिहिलेले असते.